बयाबाईंचा अंदाज

मी त्र्यंबक. आमच्या पेठेतल्या तालमीसमोर माझं डिजिटल फलक छापायचं दुकान आहे. कुणाचा वाढदिवस असो, कुणाची निवड होवो, कुणाच्या बैलानं शर्यत मारो, लोक आधी माझ्याकडं येतात आणि मग देवळात जातात. गेल्या अठरा वर्षांत मी इतके ‘भावी’ छापलेत की ते सगळे खरोखर झाले असते, तर या शहरात साधा नागरिक म्हणून मी एकटाच उरलो असतो. म्हणून पुढचं सांगणाऱ्या माणसांवर माझा काडीचाही विश्वास नाही. पण बयाबाईंचा अंदाज चुकलेला मी कधी पाहिला नाही. चुकला तो मी छापलेला त्यांचा फलक.

बयाबाई साठीच्या पुढच्या. अंगानं किरकोळ, पायात पुरुषी चपला, आणि आवाज असा की त्यांनी म्हशीला हाक मारली तर रिक्षावालाही ब्रेक दाबतो. तालमीच्या मागच्या मोकळ्या जागेत त्यांच्या तीन म्हशी असत. सकाळ-संध्याकाळ त्या म्हशी तालमीजवळच्या दूधकट्ट्यावर आणायच्या आणि गिऱ्हाइकाच्या डोळ्यांदेखत धार काढून द्यायच्या. जागा तालमीची. त्यांचा नवरा त्या तालमीचा पैलवान, तो गेल्यावर जुन्या अध्यक्षांनी तोंडी शब्दावर जागा वापरायला दिली. कागद कुणी केला नाही. आता अध्यक्ष होते उदयसिंह. त्यांची मर्जी होती तोवर म्हशी तिथं होत्या, आणि म्हशी होत्या तोवर बयाबाईंची चूल पेटत होती. ही गोष्ट पेठेत सगळ्यांना ठाऊक होती, बयाबाईंना सर्वांत जास्त.

धारेपेक्षाही त्यांचं नाव होतं ते म्हैस पारखण्यात. म्हैस घ्यायची असली की आजऱ्यापासून माणसं त्यांना बाजाराला न्यायला येत. पहिल्या वेताला म्हशीनं किती दूध दिलं ते विचारायच्या, तिच्या आईचं आणि बहिणीचं विचारायच्या, आणि तिसऱ्या वेताला किती देईल ते सांगायच्या. तेवढंच निघायचं. या कामात त्यांचे दोन नेम होते. चारचौघांत कुणाच्या जनावराला नाव ठेवायचं नाही, खोट असली तर मालकाला बाजूला घेऊन सांगायची. आणि जनावराच्या पाठीवर हात असताना कुणी विचारलं, तर जे असेल तेच सांगायचं. “हात ठिवून खोटं बोललं की धार आटती,” असं त्या म्हणत. धार आटते का ते मला माहीत नाही. पण हा नेम आमच्या धंद्यात असता तर माझं दुकान दुसऱ्या दिवशी बंद पडलं असतं.

दोन वर्षांपूर्वी तालमीतल्या पोरांना मोबाइलवरच्या एका खेळाचं वेड लागलं. मोबाइल हातात धरून गावभर चालायचं आणि पडद्यावर दिसतील ते अजब प्राणी पकडायचे. प्रत्येक प्राण्याच्या डोक्यावर त्याच्या ताकदीचा आकडा. चालून चालून गोळ्या साठवायच्या, पुरेशा झाल्या की त्या प्राण्याला चारायच्या. मग त्याची उत्क्रांती होते, म्हणजे रूप बदलतं आणि आकडा वाढतो. हे एका प्राण्याचं एकदाच. आकडा कमी वाढला तर गोळ्याही गेल्या आणि महिनोन्‌महिन्यांची तंगडतोडही. घरच्यांनी सांगितलं तर कोपऱ्यावरून कोथिंबीर न आणणारी ही पोरं रंकाळ्याला तीन-तीन फेऱ्या मारू लागली. डॉक्टरांनी कपाळ बडवून जे जमलं नव्हतं ते त्या खेळानं केलं, एवढं श्रेय मी त्याला देतो.

तर एका सकाळी तालमीच्या फुटबॉल संघाचा गोलकीपर धैर्यशील पेला घेऊन कट्ट्यावर उभा होता. बयाबाई धार काढत होत्या. यानं गंमत म्हणून मोबाइल पुढं केला. पडद्यावर गव्यासारखा शिंगाळ प्राणी डुलत होता.

“मावशी, तुमी म्हशीचं सांगता की. ह्याचं सांगा बघू. वाढवू का ठिवू?”

बयाबाईंनी हात पदराला पुसले आणि मोबाइल डोळ्यांजवळ धरला. “दात किती लागल्यात?”

“दात न्हाईत ह्याला.”

“आई कशी हुती?”

“आई कुठली? अंड्यातनं निघालंय.”

“अंड्यातनं निघालंय तर मला कशाला विचारतोस? कोंबडीवाल्याकडं जा की.”

कट्टा हसला. पण बयाबाईंनी मोबाइल परत दिला नाही. “ह्याच्या जातीचं आदी कुणाचं वाढलंय?”

तालमीतल्याच अभिरामचं वाढलं होतं, हजाराचं अठराशे. कृष्णातचं बाराशेचं एकवीसशे साठ. बयाबाईंनी बोटांच्या पेरांवर काहीतरी मोजलं. “तुजं आता नऊशे हाय. सोळाशे वीस हुईल. एकदोन हिकडं-तिकडं.”

धैर्यशीलनं तिथंच गोळ्या चारल्या. प्राणी गरगर फिरला, पडदा उजळला आणि आकडा आला सोळाशे एकोणीस. त्या पोरानं भर कट्ट्यावर शेणाच्या पाट्या ओलांडत जाऊन बयाबाईंचे पाय धरले. पेल्यातलं दूध सांडलं ते वेगळंच.

तिथून पुढं कट्ट्यावर दुधापेक्षा मोबाइल जास्त येऊ लागले. शिरोली एमआयडीसीतली पोरं पाळी सुटल्यावर थेट इकडं यायची. बयाबाई एका हातानं म्हैस थोपटायच्या आणि दुसऱ्या हातानं मोबाइल बघायच्या. ‘हे जलाचं हाय, अंगानं भरंल’, ‘हे पाखरू हाय, दीडपटीच्या वर जायचं न्हाय.’ त्या कुठल्या जातीचं कुणाचं किती झालं ते विसरत नसत, बस. उदयसिंहांची मुलगी राजनंदिनी इंजिनिअरिंगला आहे, तिनं हे आठ दिवसांत ओळखलं. “काका, मावशी जातीचा गुणक काढतात. नेटवर याचं फुकट यंत्र आहे, तेसुद्धा हेच करतं,” ती मला म्हणाली. मी पोरांना हे सांगून बघितलं. त्यांना पटलं नाही. यंत्र सांगतं ते गणित, बाई सांगते ती सिद्धी, असा आपला हिशेब असतो. कुणीतरी कट्ट्यावर बयाबाईंच्या पुढ्यात नारळसुद्धा ठेवला. तो त्यांनी फोडून चटणी केली.

आता उदयसिंह. वय पंचेचाळीस, गळ्यात साखळी, गेली तीन वर्षं माझ्या फलकांवर ‘भावी’. पोरं आपल्याला सोडून मोबाइलमागं गेली हे बघून त्यांनीही मोबाइल हातात घेतला. पुढारी तो पुढारी, कुठं मागं राहील? त्यांना तोच शिंगाळ प्राणी सापडला, पण सोनेरी. लाखात एखादा सोनेरी निघतो म्हणे. वर्षभर त्यांनी गोळ्या साठवल्या, म्हणजे चालायला माणूस ठेवला. पलीकडच्या पेठेतल्या तालमीकडं छत्तीसशेचा एक प्राणी होता आणि त्याच्याशी झुंज ठरली होती. साहेबांच्या सोनेरी गव्याचा आकडा होता पंधराशे बारा. लेकीनं घरी यंत्रावर बघून सांगितलं, “बाबा, सत्तावीसशेच्या आसपास.” साहेब म्हणाले, “ते यंत्र कुठंतरी परदेशात बसून केलंय. हे आपल्या पंचगंगेच्या काठावर धरलंय. पाण्यात फरक हाय का न्हाय?”

मग ते कट्ट्यावर आले. बयाबाईंनी मोबाइलकडं एकदाच बघितलं आणि साहेबांना गव्हाणीपाशी बाजूला घेतलं. मी तिथंच दूध घ्यायला उभा होतो, म्हणून मला ऐकू आलं.

“दादा, सत्तावीसशे. वर वीस-पंचवीस. ह्याला नगंसा वाढवू. गोळ्या ठिवा, दुसरं घावंल.”

“सोनेरी हाय की ओ!”

“रंगावर दूध वाढत न्हाय.”

“तुमी चार हजार म्हणा, मावशी. पोरांना हुरूप येतोय.”

“तसं म्हणायची न्हाय. पर चारचौघांत नाव बी ठिवायची न्हाय. तुमी वाढवा, मी गप ऱ्हाती.”

एवढ्यावर मिटलं असतं. पण दुसऱ्या दिवशी साहेब माझ्या दुकानात आले आणि वीस बाय दहाचा फलक सांगून गेले. ‘भव्य उत्क्रांती सोहळा, रविवार सकाळी दहा. सुवर्णगवा, ताकद ४०००!’ गवा कोपऱ्यात, साहेब मध्यभागी. आणि खाली ठळक अक्षरात, ‘अंदाज : बयाबाई’.

राजनंदिनीकडून बयाबाईंना हे कळलं. शनिवारी दुपारी त्या दुकानाच्या पायरीवर येऊन उभ्या राहिल्या. आत आल्या नाहीत, चपलांना शेण होतं म्हणून.

“तिरंबक, माजं नाव काढ त्यातनं. बाकी काय बी छाप.”

फलक छापून झाला नव्हता. संगणकावर एक ओळ पुसायची होती, अर्ध्या मिनिटाचं काम. पण साहेबांचे वाढदिवस माझ्याकडं, त्यांच्या भावाचे माझ्याकडं, तालमीचा गणपती माझ्याकडं. मी मान वर न करता म्हणालो, “मावशी, छापून झालाय की.”

“झालाय व्हय. मग ऱ्हाऊ दे,” म्हणाल्या आणि गेल्या. मला लाज वाटली. मग मी फलक छापला.

रविवारी तालमीसमोर मांडव, हलगी, पन्नास फेटे. एवढी तयारी मी खऱ्या पैलवानांसाठी अलीकडं पाहिलेली नाही. साहेबांचा मोबाइल चौरंगावर, त्याला हळदकुंकू. बयाबाईंना पहिल्या रांगेत बसवलं होतं. त्या गप्प होत्या आणि तशाच राहणार होत्या, मला खात्री आहे. पण साहेबांना कौतुकाचा सोस आवरेना. त्यांनी मोबाइल उचलला, बयाबाईंचा हात धरून त्या पडद्यावरच्या गव्याच्या पाठीवर टेकवला आणि माइक त्यांच्या तोंडाशी नेला.

“मावशी, हात ठिवून सांगा. किती हुणार?”

बयाबाईंनी हात काढून घ्यायचा प्रयत्न केला. साहेबांनी तो घट्ट धरून ठेवला होता. त्या क्षणी बयाबाईंनी तालमीच्या मागं, म्हशींच्या दिशेनं एकदा बघितलं. मी समोरच होतो.

“सत्तावीसशे,” त्या माइकमध्ये म्हणाल्या. “वर वीस-पंचवीस.”

साहेब हसले, हसावंच लागलं, आणि त्यांनी गोळ्या चारल्या. गवा फिरला, उजळला. दोन हजार सातशे एकवीस. हलगीवाल्याला ‘आकडा आला की वाजव’ एवढंच सांगितलेलं होतं, त्यानं इमानदारीत बडवायला सुरुवात केली. आणि पोरांनी साहेबांच्या नव्हे, बयाबाईंच्या नावानं शिट्ट्या मारल्या. “नाद खुळा, मावशी!” आकडा साहेबांनी गिळला असता. शिट्ट्या त्यांना गिळता आल्या नाहीत.

संध्याकाळपर्यंत पेठेत नवीन शास्त्र निघालं. बयाबाईंनी आकडा आधीच तोंडातून काढला म्हणून गवा तिथंच अडला. दृष्ट लागली. कोण म्हणालं, कुणी विचारलं नाही. ज्यानं पाय धरले होते तो धैर्यशीलच मला सांगत होता, “तसं बघाय गेलं तर माजं बी दोन हजार झालं असतं ओ.” पोरांनी मोबाइलच्या मागं लिंबू-मिरचीची चित्रं चिकटवली. तीही मीच छापून दिली.

आठ दिवसांत तालमीचा निरोप गेला. मागच्या जागेत खुली व्यायामशाळा होणार, म्हशी हलवा. भांडायला कागद नव्हता. राजनंदिनी बापाशी दोन दिवस बोलली नाही, तिसऱ्या दिवशी बोलली. कळंब्याला भाच्याच्या परड्यात दोनच म्हशी मावत होत्या. तिसरी, सर्वांत दुधाळ, आजऱ्याचा एक माणूस घेऊन गेला. आणि कळंब्याला समोर धार काढून दूध प्यायला पेठेतलं कोण जाणार? जागेवर लावायचा ‘संकल्पित व्यायामशाळा’ हा फलक माझ्याकडूनच गेला. व्यायामशाळा अजून संकल्पितच आहे.

त्या निघाल्या त्या सकाळी मी दुकान उघडलं नाही. कट्ट्यावर पोरं नव्हती. मी एक घमेलं आणि पेंडेचं पोतं उचलून त्यांच्याबरोबर चालू लागलो. कोपऱ्यापर्यंत गेल्यावर मला राहवेना.

“मावशी, त्या दिवशी फलक छापला नव्हता. नाव काढता आलं असतं. मी खोटं बोललो.”

“ठावं हाय,” त्या म्हणाल्या. रागावल्या नाहीत. त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. मी उगाच हसून वेळ मारून न्यायला बघितलं, ती माझी जुनी खोड.

“मग आता माझंही सांगून टाका. पुढं माझं काय होईल?”

बयाबाईंनी माझ्या हातातलं घमेलं काढून घेतलं, पोतं म्हशीच्या पाठीवर टाकलं आणि मला पायापासून डोक्यापर्यंत एकदा नीट बघितलं.

“तुजं हुयाचं तेवढं झालंय, तिरंबक,” असं म्हणून त्यांनी म्हशी हाकल्या.