तिरडीवर ऐकलेला निरोप

जरा जवळ सरक गं, दिवाळीनंतर आज उगवलीस होय! आत्ता शेवंतीचा वास आला आणि ते शूटिंग आठवलं. मेल्यावर जीव कुठे जातो, यावर भाचीने छोटी फिल्म काढली होती. मांजर्लीला नदीकाठी भरदुपारी मला तिरडीवर निजवलं, शेवंतीचे हार घातले. ‘मावशी, पोट हलतंय, नीट मर ना!’ असं ओरडून ती कॅमेरा घेऊन लांब झाडीत गेली. तेवढ्यात कुणीतरी मोळी खाली टाकल्याचा आवाज आला. वाडीवरची कुणी म्हातारी असावी. माझ्या कानाशी वाकून म्हणाली, “बाय, तिकडं माझा पोरगा भेटंल. त्याला सांग, आई रागावली नाय.” डोळे उघडायचा धीरच झाला नाही मला. मग मोळी उचलून ती निघून गेली. आता माझी सत्तरी उलटली, आणि त्या पोराचं नावसुद्धा मला ठाऊक नाही. पुढच्या रविवारी लवकर ये बाई, त्या म्हातारीला शोधून नाव विचारून येऊ.