आम्ही पाटी वाचून हसलो

नातवंडांनो, परवा व्हिडिओ कॉलवर धाकटीने विचारलं, "आजी, आजोबा वेडे झाले होते का?" तुमच्या आईने विषय बदलला. विचारलंच आहे, तर नीट सांगते. माझ्यानंतर हे सांगणारं कुणी नाही.

आजोबांनी कारखान्यातून स्वेच्छानिवृत्ती घेतली, त्याच सुमारास आमच्या बिबवेवाडीच्या बंगल्यासमोर सात मजली इमारत उभी राहिली. कॉम्प्युटरवाली मुलं राहायला आली. "तिथून आपल्यावर नजर ठेवतात," आजोबा म्हणाले. मी जाड पडदे शिवले. मग रस्ता खणून केबल टाकली, तेव्हा आमचा फोन गव्हाच्या डब्यात गेला. पुढे फिरायला जाणं बंद, पत्त्यांचे मित्र बंद. शेवटी फाटकावर पाटी लागली : 'बेल वाजवू नये. आम्ही घरात आहोत हे आम्हाला ठाऊक आहे.'

येणारे-जाणारे वाचून खूश! दुसऱ्या गावात कुणी डॉक्टर सुचवला असता. पुण्यात पाटीचं कौतुक झालं. मीही हसले. ती माझी चूक. माणूस आजारी होता आणि आम्ही त्याला तिरकस समजत होतो.

दिवाळीत शेजारच्या वहिनी फराळाचं ताट घेऊन आल्या. आजोबा खिडकीतूनच म्हणाले, "परत न्या. त्यात काय घातलंय ते कळतं मला." तेव्हा मात्र मला हसू आलं नाही. शेजारही तुटला, तर घरात आम्ही दोघं आणि त्यांची भीती, एवढंच उरणार होतं.

वहिनी सरळ पायरीवर बसल्या. "भाऊजी, विष घालायला मला सवड कुठाय? चिवडासुद्धा विकतचा आहे. हे बघा, मीच खाते. मेले तर तुम्ही खरे." चकली झाली, शेव झाली, करंजी झाली. आजोबा गजांमागून बघत होते. वहिनींनी बेसनाच्या लाडवाला हात घातला, तसे आजोबा म्हणाले, "वहिनी, सगळं संपवणार का?"

"दार उघडलंत तर नाही."

दार उघडलं. पुढच्या आठवड्यात ते डॉक्टरांकडे यायलाही तयार झाले, पण वहिनी बरोबर असतील तरच. गोळ्या लागू पडल्या. संशय पुरता गेला नाही. पत्त्यांचे मित्र परत आले आणि डाव हरले की आजोबा ओरडत, "तुम्ही माझे पत्ते बघता!" ते मात्र खरंच होतं.

आता आजोबा नाहीत, बंगलाही पाडला. वहिनी आणि मी तिथल्याच नव्या इमारतीत समोरासमोर राहतो, आणि दिवसभर दोघींची दारं उघडी असतात.