कुरणातली वसुबारस

मी मुळातच भित्री. झुरळं, विजा, लिफ्ट, घरमालकाकडून आलेलं पाकीट, कशानंही माझ्या छातीत धस्स होतं. त्यात २०१६च्या दिवाळीत मला सहावा महिना होता. आदल्या वर्षी, दिवाळी संपता संपता, तिसऱ्या महिन्यातच सगळं संपलं होतं. त्यामुळे या खेपेला पोटातलं हालणं जरा थांबलं तरी मी हातातलं काम टाकून भिंतीला टेकून बसायची. बाळंतपणासाठी सासूबाई पुण्याहून इकडे जर्मनीत, न्युरेम्बर्गला आल्या होत्या. त्या कशालाच भीत नाहीत, अशी माझी पक्की समजूत होती आणि खरं सांगायचं तर त्याचा मला थोडा रागही यायचा.

दिवाळीच्या तोंडावर त्या म्हणाल्या, "वसुबारसेला गाय-वासरू पाहिजे. खरं."

"अहो आई, इथे कुठून आणायचं? गेल्या वर्षीसारखं मोबाइलवर चित्र लावू."

"मोबाइलवर नको."

गेल्या वर्षी मी खरोखरच मोबाइलवर गाय-वासराचं चित्र लावून त्याला हळदकुंकू वाहिलं होतं. त्या लॅपटॉपवरून बघत होत्या. कुंकवामुळे मोबाइल भलत्याच कुणाला फोन लावायला लागला आणि आम्ही दोघी पोट धरून हसलो होतो. एरवी पुरणासाठी डाळ मिळाली नाही तर मटारचं सारण भरणाऱ्या या बाई आता एवढ्या का अडून बसल्या, ते मला कळेना.

माझ्या ऑफिसात एक सहकारी होता. आठवड्यातले तीन दिवस माझ्या शेजारच्या टेबलावर बसून पंपांची डिझाइनं करायचा आणि उरलेले दिवस गावाबाहेर काउबॉय असायचा. हे जत्रेतलं सोंग असेल असं मला आधी वाटलं होतं. पण तरुणपणी अमेरिकेत पश्चिमेकडे एका रँचवर त्यानं दोन उन्हाळे गुरं हाकली होती. तिथून तो रुंद काठाची हॅट, खोगीर, दोरखंड आणि गुरं पाळायची रीत, सगळं घेऊन आला होता. गाई वासरांसकट बारा महिने मोकळ्या कुरणात, आणि त्यांना हलवायचं ते घोड्यावरूनच. शेजारचे शेतकरी आधी हसले, मग सवयीनं गप्प झाले.

वसुबारसेच्या बुधवारी गाई बघायला आलो तर चालेल का, असं मी त्याला विचारलं तेव्हा तो म्हणाला, "हो, या ना. बुधवारी कळप हिवाळ्याच्या कुरणात न्यायचाय. पण तारेच्या कुंपणाबाहेरून बघायचं. माझ्या गाईंना कुणी कधी हात लावलेला नाही. त्यांचं दूध काढत नाहीत, त्यांना नावं नाहीत. घोड्यावर नसलेला माणूस त्यांच्या लेखी लांडगा."

हे मी सासूबाईंना शब्दाशब्दानं सांगितलं. त्या हो हो म्हणाल्या. गाडीत त्यांनी विचारलं, "दूध किती देतात गं?" मी म्हटलं, "वासरांपुरतं." ते खरंच होतं. कळप कशासाठी पाळतात, ते मात्र मी गिळून टाकलं.

कुरणापाशी पोचलो तेव्हा धुकं नुकतं वर जात होतं. काउबॉयनं कळपासाठी फाटक सताड उघडून तारेची वीज बंद केली होती आणि तो घोडीवरून कुरणाच्या पार टोकाला गाई गोळा करत होता. दोरखंड खोगिराला तसाच अडकवलेला. घोडी नुसती एकेका गाईच्या खांद्याजवळ सरकायची आणि गाय आपोआप वळायची. एकच तपकिरी गाय फाटकाजवळ चरत मागे राहिली होती. अंगानं आमच्या गाडीएवढी.

"बघ, आपल्यासाठीच थांबलीय," सासूबाई म्हणाल्या. त्यांनी तबक काढलं. हळदकुंकू, झेंडूच्या जागी पिवळी शेवंती, बाजरीची भाकरी, गवारीची भाजी. "काडेपेटी गाडीतच राहिली. आण बरं."

मी काडेपेटी घेऊन वळले आणि बघते तर सासूबाई फाटकाच्या आत. नऊवारीवर माझं जाकीट, हातात तबक, पुण्यात कोपऱ्यावर उभ्या असलेल्या गाईकडे जावं तशा निवांत चालल्या होत्या. "ये गं बाई, ये," असं त्या गाईला म्हणत होत्या.

गाईनं चरणं थांबवलं. आणि सासूबाईंच्या मागे, उंच गवतात, काहीतरी उठून उभं राहिलं. वासरू. इतका वेळ ते तिथे झोपलेलं होतं. सासूबाई त्याच्या आणि गाईच्या बरोबर मध्ये होत्या.

गाईनं डोकं खाली घातलं. पुढच्या खुरानं माती उकरली. तिच्या छातीतून जो आवाज आला तो हंबरणं नव्हतं.

"लांगझाम! लांगझाम!" लांबून काउबॉय जर्मनमध्ये ओरडत घोडी पळवत येत होता. "सावकाश बाजूला व्हा! पाठ फिरवू नका!"

"अहो आई, बाजूला व्हा! तुमच्या मागे वासरू आहे!"

"असू दे. दोघांचीही पूजा एकदम होईल," त्या म्हणाल्या. पण आवाज कापरा होता. त्यांनाही कळलं होतं, तरी त्या हलत नव्हत्या. तबक तसंच पुढे धरलेलं.

मी आत गेले. कशी गेले ते मला आजही सांगता येणार नाही. लिफ्टला घाबरणारी बाई मी. एक हात पोटावर धरून, गवतात पाय ओढत गेले. गाईचे डोळे माझ्याकडे वळले. तेव्हाच सासूबाईंनी मला पाहिलं.

"अगं तू कशाला आलीस! मागे हो! मागे हो मेले!"

आणि स्वतःसाठी तसूभर न हललेल्या त्या बाई आडव्या धावत माझ्याकडे आल्या. तबक पडलं. त्यांनी मला पाठीशी घातलं, दोन्ही हात पसरले आणि गाईकडे तोंड करून उभ्या राहिल्या. गाय धावली. जमीन हादरलेली मला तळपायांना कळली. मी डोळे मिटले.

डोळे उघडले तेव्हा आमच्यासमोर घोडीचे कुल्ले होते आणि काउबॉय शिट्टीसारखा बारीक आवाज काढत होता. पण गाय आमच्याकडे आलीच नव्हती. सासूबाई मधून सरकल्या तशी ती सरळ वासराकडे गेली होती आणि त्याला हुंगत होती. काउबॉयचा चेहरा पांढराफटक पडला होता. "बाहेर," एवढंच तो म्हणाला.

गाडीत बसलो. सासूबाईंना पट्टा लावता येईना, तो मी लावला. माझा हात पोटावर होता. बाळ हलत नव्हतं. मी श्वास धरून वाट बघितली. हलत नव्हतं.

त्या समोर बघत म्हणाल्या, "गेल्या वर्षी आपण हसलो ना गं. चित्राला कुंकू लावलं आणि हसलो. मग ते तसं झालं. तेव्हापासून एक दिवस नीट झोप नाही मला. म्हटलं, या वेळी खरीच गाय पाहिजे."

वर्षभर मला वाटत होतं, त्या मनातून मला बोल लावत असतील. मी ते बोलून दाखवलं. "वेडी का खुळी," म्हणाल्या, आणि रडायला लागल्या. मीही.

"आई, ते हलत नाहीये."

त्यांचं रडणं थांबलं. त्यांनी कुंकवानं लाल झालेला हात माझ्या पोटावर ठेवला. बाहेर कळप फाटकातून जात होता, आमच्या काचेशेजारून, वासरं मध्ये आणि गाई कडेनं. आम्ही दोघी तिकडे बघत नव्हतो. किती वेळ गेला कुणास ठाऊक. मग आतून, त्यांच्या तळव्याखाली, एक लाथ बसली.

मी किल्ली फिरवायला गेले तर त्यांनी माझं मनगट धरलं.

"थांब. अजून एकदा मारू दे. मग गाडी काढ."