आमच्या वस्तीची मोजणी आणि माझे रोडगे

आता तुमच्यापासून काय लपवायचं, हायकोर्टात जिंकलेली केस मी वांग्याच्या भाजीत बुडवली! हसा, हसा. माझी बायको तर अजून हसते, तीही चारचौघांत.

आमची वस्ती दर्यापूरच्या अलीकडे, मूळ गावापासून जरा लांब. सगळे भाजीपाला पिकवणारे. घराघरात माणसं, अंगणात पोरं, आणि सरकारी नोंदीत काय? लोकसंख्या शून्य! म्हणजे आम्ही सगळे भुतंच की! ग्रामपंचायतीच्या निवडणुकीसाठी वॉर्ड पाडायला घेतले तेव्हा हे उघडकीला आलं. माणसंच नाहीत म्हटल्यावर वॉर्ड नाही, मेंबर नाही, आणि मेंबर नाही म्हणून रस्ता नाही. पावसाळ्यात त्या काळ्या चिखलातून भाजीचं टोपलं डोक्यावर घेऊन जीपपर्यंत जाऊन बघा एकदा. एक तरी चप्पल चिखलाला देऊनच यावं लागतं.

माझं डोकं फिरलं. थेट नागपूरच्या हायकोर्टात गेलो. कोर्टानं सांगितलं, निवडणुकीआधी जागेवर जाऊन माणसं मोजा आणि नोंद दुरुस्त करा. लगेच अमरावतीहून आमच्या वकीलसाहेबांचा फोन, "भाऊ, मोजनीच्या दिवशी सारे लोक वस्तीत पाहिजेत. बजारात गेले तं मंग बोंबलू नका."

आता भाजीवाल्यांना बाजार बुडवा म्हणून कसं सांगणार? मला युक्ती सुचली. रोडगे! गोवऱ्यांच्या निखाऱ्यात भाजलेले कणकेचे गोळे, वर तूप, सोबत वांग्याची भाजी. आमच्या वऱ्हाडात रोडग्यांचं नाव काढलं की माणूस स्वतःचं लग्न सोडून येईल. मी घरोघरी चूलबंद आवतण देऊन आलो. म्हणजे लहानथोर सगळ्यांनी यायचं, त्या दिवशी घरी चूल पेटवायचीच नाही.

बायको म्हणाली, "अहो, पन रोडगे तं मळ्यात होतात. सारे जन नाल्यापलीकडं जातीन, अन् मोजाले इथं कोन?"

"येतीन नं जेवून! सायेब लोक चार वाजल्याबिगर येतात काय कधी?"

साहेब वेळेवर आले हो! जन्मात पहिल्यांदा सरकार वेळेवर आलं, ते नेमकं आमच्या नशिबी.

मी मळ्यात. गोवऱ्यांचा धूर, तुपाचा वास, पंगत रंगलेली. तेवढ्यात दोन अनोळखी माणसं घामाघूम होऊन आली. मी हात धरून पंगतीत बसवली. आवतण असो नसो, भुकेल्या माणसाला परत पाठवतो का आपण?

त्यातला चष्मेवाला रोडग्यावर तूप घेत म्हणाला, "एवढे लोक कुठचे हो?"

पंगत वाढणाऱ्याच्या अंगात काय येतं ते तुम्हाला ठाऊक आहे. छाती फुगवून म्हणालो, "अख्खा तालुका जेवून राहिला! बाळापूर, अकोल्याहून पाव्हने आले. आपलं आवतन म्हंजे काय समजले!"

"तरीच," तो म्हणाला. "आमी त्या वस्तीत मोजनीले गेलतो. घराघराले कुलूप. अंगनातल्या चुलीतली राखबी थंडी. कोनी राहतच नाही तिथं. काहून कोर्टात गेला असन तो मानूस?"

मी तुपाची वाटी खाली ठेवली. "साहेब, हेच ते लोक! अन् मीच तो मानूस!"

"आता तं पाव्हने म्हनत होते?"

"ते... तोंडातून निघून गेलं."

साहेब हसले, पण लिहिलेलं खोडेनात. शेजारची म्हातारी काकू पानावरून उठली. "काहून रे बाप्पा, तुया रोडग्यापायी आमी जितेपनी मेलो नं!" खरं सांगतो, लाजेनं मान वर करवेना.

वकीलसाहेबांनी पुन्हा कोर्टापुढे हात जोडले आणि कशीबशी फेरमोजणी मिळाली. वस्तीनं एकमतानं ठरवलं, याला त्या दिवशी इथं ठेवायचंच नाही. माझी पिशवी बायकोनंच भरली. "तुमी अकोल्याले बहिनीकडं जा. अन् तिथं कोनाले जेवाले बोलावू नका."

मोजणी झाली, नोंद दुरुस्त झाली, वॉर्डही झाला. एकूण एक माणूस सरकारदरबारी जिवंत झाला. राहिलो फक्त मी! आमच्या घरी माझी बायको एकटीच राहते, अशी आता पक्की नोंद आहे.

मी तिला म्हणालो, "ही चूक दुरुस्त कराले पुन्हा कोर्टात जाऊ काय?"

ती भाजी निवडत म्हणाली, "चूक कुठं हाय त्यात?"