सुगरणीची पसंती

माझ्या आधीच्या चित्रपटातला बगळा जिवंत होता. मासा येईपर्यंत तो हलला नाही, याला मी काय करणार? पण मुंबईचे शेठ म्हणाले, "पेंढा भरलेलं पाखरू आम्हांला विकता?" तो डंख घेऊनच मी नांदुऱ्याला आगगाडीतून उतरलो. या वेळी क्षणभर स्वस्थ न बसणारा पक्षी टिपायचा होता; त्याला न छेडता, जसा आहे तसा.

दमणीवाला (बैलगाडीवाला) कॅमेऱ्याची पेटीही एक माणूस धरून तिचं वेगळं भाडं मागत होता. त्याच्याशी भांडत भांडतच वडनेर भोलजी आलं.

तिथल्या सोनाजी नावाच्या शेतकऱ्याच्या विहिरीवर बाभळीला सुगरणींचे खोपे लोंबत होते. नर अर्धा खोपा विणतो. मग मादी येते, आत शिरून धागे ओढून पाहते आणि पटलं तरच राहते. तो क्षण मला हवा होता. पण शेजारीच बाजरी दाण्यात आलेली, आणि माळ्यावर (राखणीच्या मचाणावर) गोफण घेऊन खुद्द सोनाजी.

"गोफण बंद ठेवा," मी म्हणालो.

"काऊन (का)? हे पाखरं माया दाणा खाऊन राह्यले, अन् तुम्ही त्याहिचाच फोटू काढता?"

तासभर घासाघीस झाली. ठरलं असं: तीन दिवस गोफण बंद, बदल्यात फिल्मचे शेवटचे वीस फूट सोनाजींचे. निसर्गाच्या चित्रात मी माणूस येऊ देत नाही, पण इलाज नव्हता.

तीन दिवस भाकरी-ठेचा खात, मुंग्या झटकत बसलो. मादी दोनदा आली, धागा ओढून भुर्रकन गेली.

"पोरीसाठी जावई पाह्यला, तवा म्या इतकी तपासणी नाही केली," सोनाजी म्हणाले.

तिसऱ्या दुपारी वीसच फूट उरले.

"सोनाजीभाऊ, तेवढे मला सोडा."

"नाही भाऊ. पाखराईनं तीन दिवस दाणा खाल्ला, म्या हूं तरी केलं का?"

धुतलेलं पागोटं बांधून ते बाभळीखाली ताठ उभे राहिले.

"अहो, हला! गोफण फिरवा!"

"हाललो तं चित्र बिघडते."

मी ओरडत, दात खात हँडल फिरवलं.

मुंबईत फिल्म धुतली, तेव्हा दिसलं. सोनाजींच्या पागोट्यामागे मादी येते, आत शिरते, आणि शेवटच्या चौकटीपर्यंत बाहेर येत नाही. तीन दिवस ज्या खोप्यावर डोळे लावून बसलो, त्याला पसंती मिळाली तेव्हा मी त्याच्याच खाली उभ्या माणसावर खेकसत होतो. नुसतं पाहत बसण्याची माझी एवढी ऐट, आणि पाहिलं ते माझ्या कॅमेऱ्याने.

शेठनी ते वीस फूट दोनदा पाहिले.

"पाखरू अस्सल आहे. पण त्याच्यापुढे पेंढा भरलेला माणूस कशाला उभा केलात?"

"तो जिवंत आहे," मी म्हणालो. "खात्री हवी तर वडनेरला जा आणि त्याला गोफण बंद ठेवायला सांगून पाहा."