दाढीआडचा डूल

घरात तिला सगळे गोचीड म्हणत. एकदा चिकटली की सुटायची नाही, म्हणून. गोचीड चाळिशीला आली तरी कॉलेजात तासिकेवरच शिकवत होती, आणि संशोधनाचा विषय तरी कुठला? पहिल्या ख्रिस्ती मंडळ्यांत बायका नेमकं काय करत होत्या! "झाडलोट आणि स्वयंपाक, दुसरं काय?" असं भाऊ म्हणायचा आणि स्वतःच हसायचा.

तिचं सगळं घोडं एका चित्रापाशी अडलं होतं. जमिनीखालच्या एका जुन्या दफनघरात, भिंतीवर जेवायला बसलेली मंडळी रंगवली होती. मधोमध भाकर मोडणारा दाढीवाला. भाकर मोडायचा मान पुढाऱ्याचा, म्हणजे पुढारी पुरुष, झालं! भिंत ओलीनं विटलेली, त्यामुळे जो तो सरांनी तरुणपणी कागद लावून उतरवलेलं चित्रच वापरायचा. सर म्हणजे तिचे गुरू. विद्यापीठातली कायमची जागा भरायची होती, त्या समितीवरही तेच.

गोचीड मात्र भिंतच बघायला गेली. विजेरी समोरून न मारता तिनं भिंतीलगत आडवी धरली. अशा उजेडात उंचसखल लगेच कळतं. दाढी भिंतीतून चक्क पुढे आलेली. तो रंग नव्हताच, पाझरून साचलेला चुना होता आणि वर दिव्यांची काजळी. शेजारी कानात लोंबता डूल. म्हणजे भाकर मोडणारी बाईच! गोचीड तिथंच एकटी हसत सुटली.

"पाण्यात राहून माशाशी वैर कशाला?" आई म्हणाली. "आधी जागा पदरात पाडून घे, मग काय ते बोल."

"मग बोलवेल का गं? पगाराची सवय लागली की तोंडाला आपोआप कुलूप लागतं."

तरी अभ्यासकांच्या भर सभेत, पहिल्या रांगेत सर बसलेले असताना तिनं आडव्या उजेडात काढलेले भिंतीचे फोटो पडद्यावर दाखवले. सर मधूनच उठून गेले. जागा दुसऱ्याला मिळाली. गोचीड हुंदके देऊन रडली आणि दुसऱ्या दिवशी तोंड धुऊन तासिकेला गेली.

पुढे उन्हाळ्यात सर घरी आले. हातात त्यांनी स्वतः उतरवलेल्या त्या चित्राची गुंडाळी. तिनं चहाचे कप समोर ठेवले.

"डूल मला तेव्हाही दिसला होता," ते म्हणाले.

"मग काढला का नाहीत, सर?"

"दाढीला शोभेना."

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण सर गुंडाळी घेऊन आपल्या पायांनी आले होते, तेही तिला दिसलं. तिनं गुंडाळी टेबलावर उलगडली, कडांवर कप ठेवले आणि सरांच्या हातात पेन्सिल दिली.

"आता काढा. दाढी तशीच राहू दे. चूक कशी झाली, तेही दिसायला हवं."