माझ्या गुडघ्याचा भाव

आमच्याकडे अपघात झाला की आधी तडजोड, मग दवाखाना. हे मला माहीत होतं. पण तडजोडीतला माल आपणच असलो की कसं वाटतं, ते गेल्या वर्षी चिंचोळी एमआयडीसीच्या फाट्यावर कळलं.

रस्त्याकडेला स्कूटर थांबवून मी फोनवर बायकोची बोलणी खात होतो, तेवढ्यात मागून आलेल्या टेम्पोनं मला स्कूटरसकट आडवं केलं. गुडघा सोलला, पँट फाटली. चहाच्या टपरीवरची माणसं धावली, मला बाकड्यावर बसवलं आणि टपरीवाल्यानं लगेच पंचाचं काम हातात घेतलं. टेम्पोचा ड्रायव्हर लांब उभा, मालकाशी फोनवर.

"मालक हजार म्हणतोय," टपरीवाला म्हणाला. "मिटवून टाका, काका."

इथं मी माती खाल्ली. कोथिंबिरीच्या जुडीलाही घासाघीस करणारा माणूस मी! तोंडातून निघून गेलं, "तीनच्या खाली नाही!"

झालं. भाव सांगितला म्हणजे माल विकायला काढलाच की. गर्दी खुलली.

"कामाला कुटं हाय, काका?"

"रिटायर झालो. हेडक्लार्क होतो," मी ऐटीत म्हणालो. ही दुसरी माती.

"मंग पगार बुडत न्हाय की! घरीच बसायचं, तर गुडघ्याला तीन हजार कशाला?"

"पँट मातुर नवी हाय. तिचे येगळे द्या!"

सगळे हसले. मीही हसलो, आणि हसता हसता कान तापले. माझा गुडघा पँटीच्याही खाली उतरला होता.

"पैसे नकोत," मी म्हणालो. "त्या ड्रायव्हरला हितं येऊन चुकलं म्हणू दे. मग मी जातो."

टपरीवाला ड्रायव्हरकडं जाऊन आला, तो गडबडलेलाच. "दोन हजार घ्या, पण माफीचं काढू नका. चूक कबूल केली तर कामावरनं काढीन, म्हणतोय मालक त्याला."

म्हणजे माफी महाग होती. मी बाकड्यावर मांडी घालायला गेलो, गुडघ्यानं साफ नकार दिला. मग पाय लांब करूनच ठाण मांडलं. चहा मागवला.

चहा संपायच्या आत ड्रायव्हरनं फोन बंद करून खिशात टाकला आणि समोर आला.

"चुकलं माजं, काका. मोबाईलमदी बघत हुतो. लई लागलं का?"

"लागलं की! चल दवाखान्यात."

त्यानं स्कूटर टेम्पोत मागं चढवली, मला धरून पुढं बसवलं. वाटेत मालकाचा फोन वाजत राहिला. त्यानं उचलला नाही, आणि मीही उचल म्हणालो नाही.